पपनसाची न पुसलेली पानं

आमच्या गावात माझ्याविषयी दोन गोष्टी सांगतात. एक, गेल्या साली मी एका अळीपायी शेडभर बेदाणा काळा पाडला. दोन, त्याचं मला काहीच वाटत नाही. दोन्ही खऱ्या आहेत. पहिलीत थोडी दुरुस्ती: शेड अर्धी माझी, अर्धी थोरल्या भावाची, त्यामुळे काळा पडला तो अर्ध्या शेडचा. बाकी सांगणारे बरोबर सांगतात. फक्त मी किती वेळा चुकलो ते त्यांना माहीत नाही, म्हणून ते गोष्ट फार लवकर संपवतात. तेव्हा ती मीच सांगितलेली बरी.

मी तासगावकडचा द्राक्षबागायतदार. आमच्याकडचा माणूस सकाळी उठून आधी आभाळ बघतो, मग बागेत जाऊन एक पान उलटं करून बघतो, आणि मग तोंड धुतो. पानाला भोक दिसलं की औषधाचा पंप. नाही दिसलं तरी पंप, कारण उद्या दिसेल. तीस वर्षांत माझ्या रानात मी औषध न मारलेली गोष्ट एकच, ती म्हणजे थोरला भाऊ, आणि वारं फिरल्यामुळे एकदा त्याच्यावरही अर्धा पंप गेलेला आहे.

या सवयीची खरी झळ बसली ती बायकोच्या माहेराला. तिचं माहेर साताऱ्यात, पाटणच्या वर डोंगरात. तिथे काठी रोवली तरी पालवी फुटते. लग्न होऊन ती आमच्या कोरड्या मुलखात आली, आणि दर खेपेला तिकडून काहीतरी हिरवं घेऊन येऊ लागली. सोनचाफ्याचं रोप आणलं. मी कौतुकाने त्याला द्राक्षाच्या वेलीइतकी खतं घातली. आठ दिवसांत ते चुलीतून काढल्यासारखं झालं. मग मोगरा आला. तो चांगला वाढला होता हे मी नाकारत नाही. पण ऑक्टोबरात बागेच्या छाटणीला टोळी आलीच होती, म्हणून मी म्हटलं, मोगराही उरकून घेऊ. द्राक्षासारखी एकेक काडी मोजके डोळे राखून छाटून घेतली, आणि डोळे लवकर फुटावेत म्हणून वर द्राक्षाला लावतात ती पेस्टही लावून घेतली. टोळीतल्या एका बाईने विचारलं होतं, "मालक, ह्येला द्राक्षं धरायची हायती काय?" मी तिला गप्प केलं. मोगराही गप्प झाला, कायमचा.

बायको भांडत नाही. ती एक वाक्य बोलते आणि भांडी घासायला जाते. त्या वेळचं वाक्य असं होतं: "माझ्या माहेरचं एक बी जगलं न्हाई तुमच्या हितं. मीच तेवढी ऱ्हायले."

चार वर्षांपूर्वी सासऱ्यांनी पपनसाचं रोप आणलं. आम्ही त्यांना मामा म्हणतो. फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले, ताठ, कमी बोलणारे. कराडला एसटी बदलून, रोप मांडीवर घेऊन ते आले. बेदाण्याच्या शेडमागे पाण्याची टाकी आहे, तिच्यातून सांडणाऱ्या पाण्याच्या कडेला त्यांनी स्वतः खड्डा काढला, रोप लावलं, आणि मग माझ्याकडे वळून म्हणाले, "जावईबापू, ह्या झाडाला तुमी लांबनं बघायचं. सलाम करायचा आन् म्होरं जायचं."

मी सलाम करत राहिलो. झाड माझ्या खांद्याच्या वर गेलं. माझ्या हयातीत असं पहिल्यांदाच होत होतं.

गेल्या साली संक्रांतीच्या आसपास बायकोने टाकीपाशी कपडे वाळत घालताना मला हाक मारली. पपनसाभोवती एक फुलपाखरू फिरत होतं. फुलपाखरू म्हणजे आमच्याकडे जी पिवळी, चिमुकली असतात ती नव्हेत. माझ्या तळहाताएवढं, काळंकुळकुळीत, आणि मागच्या पंखांवर निळा रंग असा की इस्त्रीच्या गणवेशावर शाई सांडावी. ते पानापाशी यायचं, क्षणभर टेकायचं आणि पुढच्या पानाकडे जायचं.

"आवं, ही आमच्याकडची हाय!" बायको ओलं लुगडं हातात तसंच धरून त्याच्यामागे झाडाभोवती फिरत होती. "आमच्या परड्यात लय असायची. हितं कशी आली वं?"

मी काय म्हणालो ते सांगायला हवं. तीस वर्षांची सवय. मी म्हणालो, "हिला कुठलं औषध चालतं?"

तिने लुगडं पिळलं. नेहमीपेक्षा जास्त पिळलं.

पुढे आठ दिवसांनी ती गावच्या जत्रेसाठी माहेरी गेली. घरात मी एकटा. सलाम करायला झाडापाशी गेलो तर कोवळ्या पानांवर पाखरांनी शिटून ठेवलेलं. आठ-दहा ठिकाणी. तपकिरी, ओलसर, मध्ये पांढरा पट्टा. मला वाटलं, ही संधी आहे. औषध नाही, खत नाही, कात्री नाही. नुसती स्वच्छता. बायको परत येईल आणि झाड आरशासारखं दिसेल. मी बादली घेतली, जुन्या बनियनचा बोळा केला आणि एकेक पान अंगठ्याने पुसून काढलं. इतकं जीव लावून मी माझी मोटारसायकलही कधी पुसली नव्हती.

त्या दिवशी मामांना मीच आपण होऊन फोन लावला. शाबासकी आपल्या पायांनी येत नाही, तिला जाऊन आणावी लागते.

"मामा, झाड लखलखीत ठेवलंय. पाखरांनी घाण केली होती, सगळी पुसली."

"कसली घाण?"

"शीट वो. तपकिरी, वर पांढरा पट्टा. चिकट लई. एक तर पुसताना पुढं सरकत होती."

 

"जावईबापू," मामा म्हणाले, "पाखराची शीट कवा चालती व्हय?"

मी म्हटलं, "तेच मला नवल वाटलं."

मग त्यांनी सांगितलं. त्या फुलपाखराची पिल्लं लहानपणी पाखराच्या शिटेसारखीच दिसतात. पाखरांनी खाऊ नये म्हणून तो वेष. पाखरं फसतात. "पाखरं फसत्यात ते ठीक हाय," मामा म्हणाले, "पर पाखरं पुसत न्हाईत." आणि फोन ठेवला.

मी बादलीत बघितलं. पुढचं सांगत नाही.

बायको आली ती सगळं कळूनच आली होती. पिशवी ओसरीवर ठेवून सरळ झाडापाशी गेली आणि एकेक पान बघत राहिली. मी मागे उभा. अर्ध्या तासाने वरच्या एका आडव्या फांदीपाशी ती थांबली. तिथे माझा हात पोचला नव्हता. माझी उंची कमी आहे, आणि आयुष्यात पहिल्यांदाच तिचा उपयोग झाला होता.

"एक ऱ्हायलंय," ती म्हणाली. मग माझ्याकडे न बघता: "एवढं एक मला उडताना बगायचंय. बास."

झालं. तिने तीस वर्षांत माझ्याकडे मागितलेली ही दुसरी गोष्ट असेल. पहिली शिलाई मशीन होती. ती मी आणून दिली आणि तेल घालताना भलतंच तेल घातलं.

त्या दिवसापासून मी राखणीला बसलो. खुर्ची टाकून. बुलबुल आला की हाकल, सरडा दिसला की हाकल. चार दिवस शेतातलं काम सोडून बसलो, पाचव्या दिवशी बायकोला म्हटलं, "हे काही वाढत नाही गं. आहे तेवढंच आहे. आजारी आहे काय?"

ती आली. बघितलं. पदर तोंडाला लावला. मी चार दिवस जिची राखण केली ती खरोखरच पाखराची शीट होती. अळी तिच्या शेजारच्या पानावर चांगली फुगून बसली होती.

महिन्याभरात ती अंगठ्याएवढी झाली. हिरवीगार, खांद्यावर दोन डोळे काढल्यासारखे, आणि तोंडावर असा साहेबी भाव की आमच्या थोरल्या भावाने बघितलं तर त्याने नमस्कार करावा. मी एकदा बोट जवळ नेलं. नुसतं जवळ. तर डोक्यातून दोन लालभडक शिंगं बाहेर आली आणि असा वास सुटला की सडलेली लिंबं चपलेत भरावीत. मी शपथेवर सांगतो, हात लावला नाही. पण त्या दिवशी भावाकडे चहाला गेलो तर वहिनीने कपबशी माझ्यापुढे लांबूनच सरकवली.

मग एके सकाळी अळी नाहीशी झाली.

मी बुलबुलावर, कावळ्यावर आणि शेजारच्यांच्या मांजरावर आळ घेतला. मांजराच्या मालकाशी तर बांधावर उभं राहून भांडलो. बायकोने सगळीकडे शोधलं, आणि दुपारी शेडमधून हाक मारली.

बेदाण्याची शेड म्हणजे काय ते बाहेरच्या माणसाला सांगतो. लोखंडी खांबांवर एकावर एक जाळ्यांचे मजले, त्यावर द्राक्षं पसरून सुकवायची, आणि चारही बाजूंनी हिरवं शेडनेट. आमची अळी पपनसावरून उतरून, नेटखालून आत शिरून, माझ्या बाजूच्या दुसऱ्या खांबावर चढली होती. तिथे तिने कोष केला होता. बुडाशी चिकटलेला आणि कमरेला बारीक धागा, वायरमन खांबावर पट्टा बांधून मागे रेलतो तसा. लोखंडावर.

शेडमध्ये दोन्ही भावांची द्राक्षं पसरलेली होती. उद्या धुरी होती.

धुरी म्हणजे गंधकाची. शेड ताडपत्रीने चारही बाजूंनी बंद करायची आणि आत गंधक पेटवायचा. त्याने बेदाण्याला सोनेरी रंग येतो. आत जे काही श्वास घेत असेल त्याला मात्र काही येत नाही, जातं तेवढं.

मामांना फोन केला. ते म्हणाले, "धागा तुटला तर पडंल, पडलं तर पंख वाकडं हुत्याल. पंधरा दिस लागतील." मी म्हटलं, अलगद काढून दुसरीकडे... ते म्हणाले, "कोण काढणार? तुमी?" मी फोन बायकोकडे दिला.

दुसऱ्या दिवशी भाऊ मुकादमाला घेऊन शेडवर आला. मुकादम जतकडचा, बोलण्यात कानडी हेल, पण माणूस सरळ. गंधकाची पोती उतरत होती. मी खांबापुढे उभा राहिलो.

"धुरी नाही," मी म्हटलं.

"का?" भाऊ म्हणाला.

मी बोट दाखवलं. भाऊ चष्मा लावून बराच वेळ बघत राहिला.

"ह्यो काय, पाला?"

"कोष आहे दादा. आत फुलपाखरू आहे. साधंसुधं नाही, आपल्या महाराष्ट्राचं फुलपाखरू आहे ते. सरकारने जाहीर केलंय. नीलवंत म्हणतात."

"मग सरकारला म्हण, ह्येला सरकारी विश्रामगृहात ठेव. आमच्या शेडमधी कशाला?" भाऊ मुकादमाकडे वळला. "घे रं ताडपत्री."

"ताडपत्री घेतलीस तर मी पण आत बसणार," मी म्हटलं. हे वाक्य कुठून आलं ते मला माहीत नाही. मी बोलून गेलो आणि स्वतःच दचकलो.

"बस की. तुला बी जरा रंग यील."

मुकादम हसला, मग माझं तोंड बघून थांबला. "मालक," तो भावाला म्हणाला, "ह्येनी खरंच बसत्यात बगा. डोळं तसलं हायती."

भावाने आवाज चढवला. "आरं, जन्मभर अळ्या मारून खाल्लंस तू! तुझ्यायेवढ्या अळ्या ह्या तालुक्यात कुणी मारल्या न्हाईत! आन् आता एका अळीसाठी माल काळा करतोस? व्यापारी काय म्हणंल? गाव काय म्हणंल?"

"गाव म्हणू दे."

"खुळा झालाईस."

"झालो. तीस वर्षं शहाणा होतो, काय जगलं माझ्या हातून? एक मोगरा दाखव."

बायको नेटच्या बाहेर उभी होती.  वळून न बघता मला ते पाठीवर कळत होतं.

भावाचं म्हणणं खोटं नव्हतं. त्याचा माल त्याच्या कष्टाचा होता, त्याला धुरी हवी होती, आणि धुरी अर्ध्या शेडला देता येत नाही. म्हणून मी म्हटलं, तुझा सगळा माल मी उचलतो. बांधापलीकडे चुलतभावाच्या शेडचे मजले रिकामे आहेत, तिथे नेऊन पसरतो. एक मणी खाली पडणार नाही. तिथे दे धुरी. माझा माल इथेच राहील, बिनधुरीचा, काळा तर काळा.

"तू उचलणार?" भाऊ म्हणाला.

"मी आणि ही."

सकाळपासून दिवस मावळेपर्यंत आम्ही दोघं अर्धवट सुकलेली द्राक्षं क्रेटमध्ये भरून बांधापलीकडे वाहत होतो. हात चिकट, अंगावर माश्या. रस्त्याने जाणारा प्रत्येकजण थांबून विचारायचा आणि भाऊ प्रत्येकाला मोठ्याने सांगायचा, "अळीला इसावा पायजे म्हणं!" तिसऱ्या की चौथ्या माणसाला मी भावाच्या आधी स्वतःच सांगून टाकलं. मग सांगण्यात गंमत येऊ लागली. संध्याकाळी मुकादम न सांगता आला आणि शेवटचे क्रेट त्याने उचलले. म्हणाला, "माज्या जल्मात अळीनं सुट्टी दिली न्हवती कवा."

माझा माल सुकत गेला तसा तपकिरी झाला, मग काळसर. पाच-सहा दिवसांनी खांबाजवळचा बेदाणा आम्ही जाळी न हलवता हाताने वेचला. तासगावच्या सौद्यात माझा नमुना उघडला तेव्हा एका व्यापाऱ्याने विचारलं, "ह्यो बेदाणा हाय का मिरी?" लोक हसले. मी एक मूठ त्याच्यापुढे धरली. म्हटलं, "खाऊन बोला." त्याने खाल्ला. मग दुसरी मूठ घेतली. भाव मात्र वाढवला नाही. चालायचंच.

सोळाव्या दिवशी सकाळी बायकोने मला चूळ भरतानाच ओढत शेडमध्ये नेलं. कोष फुटला होता. खांबाला एक ओलं, चुरगळलेलं काहीतरी लटकत होतं. पंख म्हणजे चुरगळून खिशात ठेवलेला रुमाल.  म्हटलं, गेलं. वाकडं निघालं. आणि माझा हात आपोआप वर गेला. पंख जरा सरळ करावेत, निदान फुंकर मारावी, नाहीतर औषधाच्या ब्लोअरचा पंखाच लांबून लावावा...

बायकोने माझं मनगट धरलं.

"त्येचं त्येला करू द्या."

ती मनगट सोडेना. आम्ही दोघं तसेच उभे राहिलो. चहा नाही, अंघोळ नाही. पंख हळूहळू उतरत गेले, ताणत गेले, काळे झाले, मग त्यात निळं भरत आलं. पंखांच्या मुळाशी कुंकवाचं बोट लागावं तसे लाल ठिपके. तीस वर्षांत मी काही न करता एवढा वेळ एका जागी कधी उभा राहिलो नव्हतो. हात इतका शिवशिवत होता की ती मनगटावर दोनदा पकड बदलत होती.

ऊन शेडनेटवर आलं आणि ते उडालं. वर गेलं आणि सरळ हिरव्या नेटवर आदळलं. पुन्हा आदळलं. बाहेरचा उजेड त्याला दिसत होता, वाट नव्हती. अळी खालून आली होती. याला वरच जायचं होतं. पंखांची काळी भुकटी नेटवर उठायला लागली.

बायकोने मनगट सोडलं.

"आता," ती म्हणाली.

द्राक्षाची कात्री माझ्या खिशात कायमच असते. मी नेटला खालून वर, माझा हात पोचेल तिथवर चिरलं, मग क्रेटवर चढून आणखी वर चिरलं. तीस वर्षांत एवढी नेमकी छाटणी माझ्या हातून झालेली नाही. फट वाऱ्याने उघडली. ते दोनदा चुकलं, तिसऱ्यांदा त्यातून बाहेर पडलं, टाकीवरून, पपनसावरून, भावाच्या बागेवरून गेलं. बायको कपाळावर हात धरून बघत राहिली. मग तिने डोळे पुसले आणि मला म्हणाली, "पडशील, उतर खाली." आम्ही एकमेकांना 'अहो-अगं' करणारी माणसं. त्या दिवशी तिला कळलं नाही, आणि मीही कळू दिलं नाही.

भाऊ आला, नेट बघून ओरडला. "आरं, नवं नेट हुतं!"

"होतं," मी म्हटलं.

मामांना फोन केला. ते म्हणाले, "हात लावला न्हाई न्हवं?"

"लावला. नेटला."

 "मग जमलं म्हणायचं," एवढंच ते म्हणाले.

ती चीर मी शिवलेली नाही. भाऊ दर महिन्याला आठवण करतो. आणि त्याच्या सोनेरी बेदाण्याचे खोके घरात असताना, संध्याकाळी आमच्या ओसरीवर बसला की तो हात माझ्या काळ्या बेदाण्याच्या डब्यातच घालतो. 

यंदाही संक्रांत झाली. पपनसाच्या कोवळ्या पानांवर तपकिरी, ओलसर, पांढऱ्या पट्ट्याची घाण दिसते आहे, बारा-तेरा ठिकाणी. त्यातली कुठली चालणारी आणि कुठली न चालणारी, मला अजून ओळखता येत नाही. भाऊ म्हणतो, एवढं घाण झाड शेडला लागून नको, जरा पुसून तरी घे.

मी एकही पान पुसलेलं नाही. पुसणार नाही. गावाला काय म्हणायचं ते म्हणू दे.